आशेची पुस्तके आणि त्यांचे श्रोते



उन्हे कलल्यावर, दिवसाची कामे आटोपून, गावातली माणसे एका आवारात जमतात, तासभर कोणा एकाचे बोलणे ऐकतात आणि त्यावर वाद घालत घरी परततात, हा प्रघात आपल्याकडे आता फार जुना झाला. न्यायमूर्ती रानडे यांच्या पुढाकाराने १८७५ साली पुण्यात वसंत व्याख्यानमाला सुरू झाली आणि पुढे तिचे लोण गावोगाव पोहोचले. व्याख्यानमालांचा इतिहास लिहिताना आपण वक्त्यांची नावे देतो, विषय देतो, अध्यक्ष कोण होते तेही देतो. श्रोते कोण होते ते कोणी लिहून ठेवीत नाही. आजच्या माझ्या बोलण्यात या न लिहिलेल्या माणसाला, म्हणजे ऐकणाऱ्याला, थोडे महत्त्वाचे स्थान द्यावयाचे आहे, म्हणून आरंभीच त्याचे स्मरण केले.

विषय आहे बिकट काळातील आशा आणि आपली पुस्तके. हे नाव ऐकून काहींना वाटले असेल, की आता वक्ता धीराच्या चार गोष्टी सांगणार, रात्रीनंतर दिवस उगवतोच असे म्हणणार आणि आपण समाधानाने घरी जाणार. तसे करण्याचा माझा विचार नाही. रात्रीनंतर दिवस उगवतो हे खरे. पण ज्याची रात्र सरण्यापूर्वी तोच सरला, त्याला या वचनाचा काय उपयोग? मला इतिहास सांगावयाचा आहे. १८५५ ते १९५९ या सुमारे शंभर वर्षांत मराठीत काही लेखन असे झाले, की ते लिहिणाऱ्यांच्या किंवा त्यातल्या पात्रांच्या वाट्याला फारसे सुख आले नव्हते. आणि तरी ते वाचून माणसे उभी राहिली. हे कसे घडले? त्या पुस्तकांतली आशा नेमकी कोठे होती? एवढाच आजचा प्रश्न.

प्रथम दोन यमुनांची गोष्ट सांगतो. १८५७ साली बाबा पदमनजी यांचे 'यमुनापर्यटन' प्रसिद्ध झाले. मराठीतील पहिली कादंबरी म्हणून आपण तिचा उल्लेख करतो. विधवाविवाहाला मान्यता देणारा कायदा १८५६ साली झाला होता, म्हणजे विषय अगदी ताजा होता. या पुस्तकातील यमुना नवऱ्याबरोबर प्रवास करते, ठिकठिकाणी विधवांची दैना पाहते, पुढे तीच विधवा होते. आणि अखेरीस धर्मांतर करून पुनर्विवाह करते. गोष्टीचा शेवट गोड आहे. लेखकाला जो मार्ग खरा वाटला तो त्याने नायिकेला दाखविला आणि ती त्या मार्गाने पार पडली.

त्यानंतर तेहतीस वर्षांनी, १८९० साली, हरि नारायण आपटे यांनी 'करमणूक' हे साप्ताहिक काढले आणि त्यातून दुसऱ्या यमुनेची कहाणी क्रमशः येऊ लागली. १८९३ साली ती पुस्तकरूपाने निघाली. तिचे नाव 'पण लक्षात कोण घेतो?' या यमूला लेखकाने कोणताही मार्ग दाखविलेला नाही. मायाळू आई, तापट वडील, सासरचा जाच. मग शिकलेला, समजूतदार नवरा, त्याच्या हाताखाली गिरविलेली अक्षरे, मुंबईच्या बिऱ्हाडातले थोडे सुखाचे दिवस. आणि मग त्याचा मृत्यू. पुढे सासरच्या घरात तिचे बळजबरीने केशवपन होते. सुटका नाही, चमत्कार नाही, धावून येणारा कोणी नाही.

आता गंमत अशी, की ज्या पुस्तकात यमुनेची सुटका होते ते आज अभ्यासक वाचतात, आणि ज्यात यमूची सुटका होत नाही ते पुढे घराघरांत वाचले गेले. गोड शेवटात आशा असती तर हे उलट व्हावयास हवे होते. म्हणजे आशेची जागा शेवटात नाही. मग ती कोठे आहे?

मला वाटते, ती या कादंबरीच्या नावातच आहे. ते नाव म्हणजे एक प्रश्न आहे, आणि प्रश्न कोणीतरी समोर असल्याशिवाय विचारता येत नाही. भिंतीला कोणी विचारीत नाही, की माझे म्हणणे लक्षात कोण घेतो? हा प्रश्न कितीही निराशेने विचारला तरी विचारणाऱ्याच्या मनात कोठेतरी एक ऐकणारा गृहीत धरलेला असतो. यमू आपली हकीकत स्वतः सांगते आहे. सांगते आहे याचाच अर्थ, कोणी ऐकेल असे तिला, निदान तिच्या तोंडून बोलणाऱ्या हरिभाऊंना, वाटते आहे.

येथे माझ्या लहानपणची एक आठवण सांगतो. आमच्या वाड्यात एक वृद्ध आजी राहत. लाल आलवण नेसणाऱ्या, माथ्यावरून पदर कधी ढळू न देणाऱ्या अशा त्या शेवटच्या पिढीतल्या. त्यांना डोळ्यांनी दिसत नसे म्हणून दुपारच्या वेळी वाड्यातल्या बायका मला त्यांच्यापुढे बसवून वाचावयास लावीत. मी दहा-अकरा वर्षांचा होतो. एकदा ही कादंबरी वाचावयास घेतली. वाचता वाचता केशवपनाचा प्रसंग आला तेव्हा समोर कोण बसले आहे याचे मला एकदम भान आले आणि मी थांबलो. बायकाही गप्प झाल्या. आजी म्हणाल्या, "थांबलास का? वाच. मी ऐकते आहे." मी वाचले. प्रकरण संपल्यावर त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग आपल्याशीच म्हणाव्यात तशा म्हणाल्या, "म्हणजे हे कोणाला तरी ठाऊक होतं म्हणायचं."

त्या वेळी मला या वाक्याचा अर्थ कळला नाही. आज वाटते, की आशा आणि पुस्तके यांविषयी यापेक्षा नेमके काही मी वाचलेले नाही. आजींचे आयुष्य बदलण्याची वेळ निघून गेली होती. पुस्तकाने त्यांना काही मिळवून दिले नाही. पण आपण भोगले ते आपल्या एकटीच्या कपाळी लिहिलेले नव्हते, ते कोणी पाहिले होते, कोणाला ते चुकीचे वाटले होते, कोणी ते लिहून ठेवले होते, एवढे त्यांना कळले.

हरिभाऊंची कादंबरी आभाळातून पडली नाही, हेही लक्षात ठेवले पाहिजे. त्या दहा-बारा वर्षांत या प्रश्नावर महाराष्ट्र ढवळून निघत होता. पंडिता रमाबाईंनी १८८९ साली मुंबईत 'शारदा सदन' काढले. १८९० साली मुंबईत नाभिक बांधवांनी सभा भरवून विधवांचे केशवपन आपण करणार नाही असे ठरविले. या कामी कामगारांचे पुढारी नारायण मेघाजी लोखंडे यांचा पुढाकार होता. ज्यांचा हा धंदा, ज्यांना त्याचे पैसे मिळत, त्यांनी हे ठरवावे आणि ज्यांच्या घरच्या लेकीसुना, त्यांनी घोळ घालीत बसावे, हा विरोध मोठा बोलका आहे. १८९१ साली संमतिवयाचा कायदा होऊन दहा वर्षांची मर्यादा बारावर गेली आणि त्यावरून केवढे रण माजले ते सर्वांना माहीत आहे. कादंबरी पुस्तकरूपाने निघाली त्याच १८९३ साली, मार्च महिन्यात, धोंडो केशव कर्वे यांनी शारदा सदनाच्या पहिल्या विद्यार्थिनींपैकी एक असलेल्या गोदूबाई या बालविधवेशी विवाह केला. मुरुडच्या लोकांनी त्यांना वाळीत टाकले. १८९६ साली कर्व्यांनी पुण्यात अनाथ बालिकाश्रम काढला. गोदूबाई म्हणजेच आनंदीबाई कर्वे. त्यांची आठवणींची हकीकत 'माझे पुराण' या नावाने १९४४ साली प्रसिद्ध झाली.

कादंबरीमुळे हे विवाह झाले किंवा आश्रम उभे राहिले असे म्हणणे भाबडेपणाचे होईल. कर्व्यांसारखी माणसे कादंबरी वाचून निघत नाहीत. परंतु एक माणूस धाडस करतो तेव्हा त्याच्या भोवतीच्या शंभर माणसांनी त्याच्यावर दगड उचलावयाचा की नाही, हे ठरत असते. आणि ते ठरविण्याच्या कामी, रविवारच्या दुपारी माजघरात वाचलेल्या त्या प्रकरणांचा वाटा असतो.

पण ऐकणारा प्रत्येकाला वेळेवर भेटतोच असे नाही. हरिभाऊंच्या आधी आठ वर्षे याच विषयावर एका बाईने लिहिले होते. १८८१ साली सुरतेला विजयालक्ष्मी नावाच्या तरुण विधवेवर स्वतःचे अर्भक मारल्याचा खटला झाला. तिला फाशीची शिक्षा सांगण्यात आली. अपिलात ती कमी झाली. या निमित्ताने वर्तमानपत्रांतून साऱ्या स्त्रीजातीवर कोरडे ओढले जाऊ लागले. तेव्हा बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी लेखणी उचलली. 'स्त्रीपुरुषतुलना' हे त्यांचे पुस्तक १८८२ साली पुण्यात छापले गेले. प्रती पाचशे, किंमत नऊ आणे. जे दोष बायकांच्या माथी मारता, ते पुरुषांत नाहीत काय, असा त्यांचा रोखठोक सवाल होता, आणि तो त्यांनी घरातल्या बोलीत, जळजळीत दाखले देऊन विचारला होता.

हरिभाऊंनी बाईच्या तोंडून विचारलेला प्रश्न लोकांनी डोळे पुसत ऐकला. ताराबाईंनी स्वतः विचारलेला प्रश्न ऐकून लोक रागावले. जोतीराव फुल्यांनी १८८५ साली 'सत्सार'मध्ये त्यांची बाजू घेतली; पण असे म्हणणारे थोडे. ताराबाईंचे दुसरे पुस्तक निघाले नाही. पुढे हे पुस्तकही विस्मरणात गेले, ते १९७५ साली स. गं. मालशे यांनी पुन्हा छापून लोकांपुढे आणले. मध्ये त्र्याण्णव वर्षे गेली. आज ते पुस्तक विद्यापीठांत शिकविले जाते, इंग्रजीत गेले आहे. ताराबाईंना याचे काय? काही नाही, हे प्रामाणिकपणे म्हटले पाहिजे. आशेचा हिशेब मांडताना ही त्र्याण्णव वर्षे खर्चाच्या बाजूला धरलीच पाहिजेत. जे पुस्तक आपण ऐकत नाही, त्याच्या लेखकाची आशा आपण मोडीत असतो. मालशे यांनी ते पुस्तक काढले नसते तर आजही आपण म्हणालो असतो, की त्या काळच्या बायका मुकाट्याने सोशीत होत्या. त्या मुक्या नव्हत्या. आपणच कानाआड करीत होतो.

आता तुरुंगाकडे वळू. माणसाला ऐकणाऱ्यांपासून तोडावे याच हेतूने तुरुंग बांधलेला असतो, म्हणून आपल्या प्रश्नाची खरी परीक्षा तेथे होते. १९०८ साली लोकमान्य टिळकांना सहा वर्षांची शिक्षा होऊन मंडालेला नेण्यात आले. ब्रह्मदेशातील तो लाकडी तुरुंग, उन्हाळ्यात भट्टी आणि हिवाळ्यात गारठा. वय पन्नाशी उलटलेले, मधुमेह जडलेला. मराठी सोबत म्हणाल तर स्वयंपाकासाठी दिलेला एक कैदी. तेथे १९१०-११ च्या हिवाळ्यात चार-पाच महिन्यांत त्यांनी 'गीतारहस्य' लिहून काढले. सुटे कागद देत नसत. पाने मोजून, आकडे घालून बांधलेल्या वह्या मिळत. शाई नाही, शिसपेनी, त्याही टोक करून दिलेल्या. १९१२ साली पत्नी वारल्याची वार्ता त्यांना तेथेच कळली. १९१४ च्या जूनमध्ये ते सुटले आणि पुढल्या वर्षी ग्रंथ प्रसिद्ध झाला.

त्या ग्रंथातील तत्त्वज्ञानाची चर्चा हा आजचा विषय नव्हे. माझ्या कामाची गोष्ट वेगळी आहे. हा ग्रंथ टिळकांनी मराठीत लिहिला. पंडितांसाठी लिहावयाचा तर संस्कृतात लिहिता आला असता, जगासाठी लिहावयाचा तर इंग्रजीत. दोन्ही भाषांवर त्यांचे प्रभुत्व होते. आसपास मराठी समजणारे जवळजवळ कोणी नाही, परत जाऊ की नाही याची शाश्वती नाही, आणि हा मनुष्य शिसपेनीने मराठीत शेकडो पाने भरतो आहे. कोणासाठी? शेकडो कोसांवरच्या, 'केसरी' वाचणाऱ्या, साध्या माणसासाठी. तो आहे आणि वाट पाहतो आहे हा विश्वास त्यांनी सोडला नाही. आशा म्हणजे काय, असे मला कोणी विचारले तर मी या भाषेच्या निवडीकडे बोट दाखवीन.

धुळ्याच्या तुरुंगात याहून निराळे दृश्य दिसते. साल १९३२. सविनय कायदेभंगात पकडलेले कैदी तेथे आहेत. फेब्रुवारीपासून जूनपर्यंत, दर रविवारी, विनोबा गीतेच्या एकेका अध्यायावर बोलतात. अठरा अध्याय, अठरा रविवार. समोर बसलेल्या कैद्यांत एक जण भराभर लिहून घेतो आहे. विनोबांनी स्वतः ती प्रवचने लिहिली नव्हती; त्या लिहून घेणाऱ्याने ती टिपली नसती तर 'गीताप्रवचने' हा ग्रंथ आज अस्तित्वात नसता. तो लिहून घेणारा म्हणजे पांडुरंग सदाशिव साने. अमळनेरच्या शाळेतली मास्तरकी सोडून चळवळीत पडलेले साने गुरुजी.

मला हे दृश्य फार महत्त्वाचे वाटते. पुढे महाराष्ट्राला रडविणारा आणि धीर देणारा हा लेखक आधी ऐकणारा होता. दुसऱ्याचा शब्द वाया जाऊ नये म्हणून अठरा रविवार तो लेखणी घेऊन बसला. आणि त्यानंतर वर्षही होत नाही तोच, १९३३ च्या फेब्रुवारीत, नाशिकच्या तुरुंगात पाच दिवसांत त्याने आपले पुस्तक लिहिले. 'श्यामची आई'.

या पुस्तकाविषयी आपणा कोणास काही नवे सांगावे असे नाही. त्यावरून आचार्य अत्रे यांनी काढलेल्या चित्रपटाला १९५४ साली पहिले राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले. पण या पुस्तकाची बांधणी एकदा नीट पाहा. त्यात प्रकरणे नाहीत, रात्री आहेत. बेचाळीस रात्री. दिवसाचे काम झाल्यावर आश्रमातील मित्र जमतात, गावातली मुले-माणसे येऊन बसतात आणि श्याम आईच्या आठवणी सांगतो. म्हणजे ही एक व्याख्यानमालाच आहे म्हणा ना! तुरुंगातल्या एकाकी माणसाने पुस्तक लिहावयास घेतले आणि पहिली गोष्ट कोणती केली, तर आपल्यासमोर श्रोते आणून बसविले. कहाणी पाहावी तर कर्जाची, जप्तीची, अपमानाची आहे. घराला उतरती कळा लागलेली, आजारी आई, आणि ती जाते तेव्हा श्याम जवळ नाही. तिच्या कष्टांचे चीज तिच्या डोळ्यांदेखत झाले नाही. तरी या पुस्तकाला कोणी निराशेचे पुस्तक म्हणत नाही. कारण जी बाई कोकणातल्या एका खेड्यात कोणाच्या खिजगणतीत नसता मेली, तिचा शब्द न् शब्द ऐकून ठेवणारा एक मुलगा होता.

येथे थांबता आले असते तर बरे झाले असते. परंतु इतिहास सांगावयाचा तर सोयीचा तेवढा सांगून चालत नाही. १९४७ च्या मे महिन्यात पंढरपूरचे विठ्ठलमंदिर सर्वांना खुले व्हावे म्हणून साने गुरुजींनी दहा दिवस उपोषण केले आणि दरवाजे उघडले. १९४८ साली 'साधना' साप्ताहिक काढले. आणि ११ जून १९५० रोजी या माणसाने स्वतःच्या हाताने आपले आयुष्य संपविले. ज्याच्या पुस्तकातून हजारो मुलांनी धीर घेतला, त्याचा धीर सुटला.

आशेवर बोलणारे बहुतेक लोक ही गोष्ट टाळून पुढे जातात. मी तसे करू इच्छीत नाही, कारण ती टाळली तर बाकीचे सारे बोलणे खोटे पडेल. या मृत्यूमुळे 'श्यामची आई' खोटी ठरते काय? माझे मन म्हणते, नाही. पण त्यामुळे एक गोष्ट स्पष्ट होते. आशा ही लेखकाच्या पेटीत साठवून ठेवलेली पुंजी नसते, की ती तो आयुष्यभर आपल्या खर्चाला वापरील. सांगणारा आणि ऐकणारा यांच्यामध्ये ती निर्माण होते आणि दोघांनीही ती सांभाळावी लागते. साने गुरुजींनी विनोबांचे ऐकून घेतले, आईचे ऐकून घेतले, पंढरपूरच्या पायरीबाहेर उभ्या असलेल्यांचे ऐकून घेतले. जो सगळ्यांचे ऐकतो त्याचे ऐकावयास बसण्याची आठवण मात्र आपल्याला राहत नाही. आपल्या घरात, शाळेत, कचेरीत अशी माणसे असतात. सर्वांना धीर देणारे म्हणून आपण त्यांना ओळखतो आणि त्यांना काय होते हे कधी विचारीत नाही. या व्याख्यानातून एखादी गोष्ट घरी न्यावयाची असेल तर ही न्यावी.

आता निराळ्या स्वभावाच्या एका बाईकडे पाहू. लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे' १९३४ पासून चार भागांत निघाली. १९३६ साली त्या निवर्तल्या आणि शेवटचा भाग त्यांच्या पश्चात आला. अकराव्या वर्षी लग्न, नवरा कवी आणि लहरी, केव्हा घर सोडून निघून जाईल याचा नेम नाही. १८९५ साली नारायण वामन टिळक ख्रिस्ती झाले आणि लक्ष्मीबाईंवर आकाश कोसळले. काही वर्षे त्या वेगळ्या राहिल्या, मग परत आल्या, १९०० साली त्यांनीही बाप्तिस्मा घेतला. लिहावयास वाचावयास त्या लग्नानंतर शिकलेल्या. एवढ्या सामग्रीवर दुसऱ्या कोणी अश्रूंचा ग्रंथ रचला असता. लक्ष्मीबाई हसवितात. वडिलांच्या सोवळ्याचे वेड, नवऱ्याचा विसराळूपणा, स्वतःची फजिती, कशालाही त्या सोडीत नाहीत. दुःख झाकण्यासाठी हे हसू नाही. दुःख पुरते सांगून झाल्यावर उरलेले हसू आहे, आणि ते उरते म्हणूनच वाचणाऱ्याला बळ येते. माणसाला आपल्या विपत्तीकडे पाहून हसता येते तेव्हा विपत्ती त्याच्यापेक्षा लहान झालेली असते. आणि येथेही, ही बाई पुस्तक लिहीत नाही, समोर बसवून बोलते. पान उलटताना आपल्याला वाटते, आता ती विचारील, "ऐकता आहात ना?"

शेवटचा दाखला समाजाच्या त्या थराचा, ज्याचे बोलणे इतरांच्या कानी पडण्यास सर्वांत उशीर लागला. १८५५ साली 'ज्ञानोदय' पत्रात मुक्ता नावाच्या, फुल्यांच्या शाळेत शिकणाऱ्या चौदा वर्षांच्या मातंग मुलीचा निबंध छापून आला. मांग-महारांच्या दुःखाविषयीचा तो निबंध. तीन वर्षांच्या शिक्षणावर त्या मुलीने धर्माला, राजाला, शेजाऱ्याला प्रश्न विचारले. त्यानंतर तिचे काही छापलेले आपल्या हाती नाही. एकशे चार वर्षांनी, १९५९ साली, त्याच समाजात वाटेगावी जन्मलेल्या अण्णा भाऊ साठे यांची 'फकिरा' ही कादंबरी आली. अण्णा भाऊंचे शालेय शिक्षण जवळजवळ नाहीच. पोटासाठी वडिलांबरोबर मुंबई गाठली, गिरणीत काम केले, अक्षरे वाटेत मिळतील तशी वेचली. 'फकिरा' त्यांनी बाबासाहेब आंबेडकरांच्या लेखणीला अर्पण केली आणि १९६१ साली तिला महाराष्ट्र शासनाचा पुरस्कार मिळाला.

दुष्काळ पडला आहे, वस्ती उपाशी आहे, साहेबाच्या राज्यात हजेरी आहे पण भाकरी नाही. फकिरा धान्य लुटतो आणि वाटतो. पुढे त्याच्या लोकांना ओलीस धरले जाते तेव्हा त्यांच्यासाठी तो स्वतःहून हजर होतो. त्याचा शेवट काय होणार ते सांगावयास नको. यमूच्या कहाणीत सोसणे आहे, फकिराच्या कहाणीत झुंजणे. पण शेवट दोघांचाही गोड नाही. मग मुक्ता आणि अण्णा भाऊ यांच्यामध्ये काय बदलले? दुःख सांगणारी वाणी तर १८५५ सालीही होती आणि चांगली खणखणीत होती. बदलले ते हे, की १९५९ साली ती ऐकून घेणारी, तिच्यात आपला आवाज ओळखणारी माणसे हजारोंनी उभी होती. ती माणसे फुल्यांनी, आंबेडकरांनी, रात्रशाळांनी, कामगारांच्या मोर्चांनी, आणि अण्णा भाऊंच्याच पोवाड्यांनी तयार केली होती. मुक्ताला जो श्रोता हवा होता तो घडण्यास शंभर वर्षे लागली.

आता आवरते घेतो. काही जण म्हणतील, हे सारे जुने झाले. यमू नाही, आलवण नाही, आता त्या प्रश्नाचे काय? तर ऐका. ४ मे २०२२ रोजी कोल्हापूर जिल्ह्यातील शिरोळ तालुक्यात हेरवाड नावाच्या गावाच्या ग्रामसभेने ठराव केला, की यापुढे आमच्या गावात पती वारल्यावर स्त्रीचे कुंकू पुसावयाचे नाही, बांगड्या फोडावयाच्या नाहीत, मंगळसूत्र आणि जोडवी काढावयाची नाहीत. त्याच महिन्यात राज्य शासनाने इतर ग्रामपंचायतींनी हे उदाहरण घ्यावे असे परिपत्रक काढले. कादंबरी पुस्तकरूपाने निघाल्यानंतर एकशे एकोणतीस वर्षांनी! असा ठराव करावा लागला याचा विषाद मानावा, की एका खेड्याने तो केला याचा आनंद, हे ज्याचे त्याने ठरवावे. मी दोन्ही मानतो. आणि मला असेही दिसते, की हरिभाऊंच्या प्रश्नाला इतक्या वर्षांनी कोठून तरी एक हात वर झाला, की आम्ही घेतले लक्षात.

आमच्या वाड्यातल्या आजींपर्यंत तो ठराव पोहोचला नाही. पोहोचणे शक्यही नव्हते. त्यांच्या वाट्याला दुपारच्या उन्हात एका पोराने वाचून दाखविलेले एक प्रकरण तेवढे आले. त्यांनी ते ऐकून घेतले आणि आपणही ऐकले गेलो असे त्यांना वाटले. एवढे पुरेसे होते काय? नव्हते. पण ते नसते तर हेरवाडचा ठरावही झाला नसता, कारण माणसे ठराव करण्याआधी ऐकावयास शिकतात.

म्हणून ही पुस्तके वाचावीत, आणि शक्य असेल तेथे मोठ्याने वाचावीत. घरात, वाचनालयात, वृद्धांपुढे, मुलांपुढे. आपल्या गावात आज कोणी ताराबाई लिहीत असेल, कोणी मुक्ता वहीत निबंध उतरवीत असेल, तर तिला त्र्याण्णव वर्षे थांबावे लागू नये एवढी काळजी आपण वाहावी.

आपण एवढा वेळ शांतपणे ऐकून घेतलेत. नेहमी हे वाक्य वक्ते रिवाज म्हणून म्हणतात. आज मी ते अक्षरशः त्याच्या अर्थाने म्हणतो, आणि आपली रजा घेतो.